शनिवारचं भूत आणि शेवटचा डबा

दिवाळी अंकात कामाविषयी लिहायचं तर माणूस निदान एका नोकरीतून निवृत्त झालेला असावा, अशी माझी समजूत होती. या अंकांमधून मी पोस्टमास्तरांचं, वनाधिकाऱ्यांचं, डॉक्टरांचं लेखन वाचलं आहे. त्यांची जेवढी नोकरी झालेली असते तेवढं माझं वयही नाही. मी एम.ए.च्या पहिल्या वर्षाला आहे. आमच्या घरात कॉलेजची पायरी चढलेला मी पहिलाच. आणि जे काम करतो ते सांगितलं की लोक आधी हसतात. म्हणून संपादकांनी विचारलं तेव्हा मी नाही म्हणालो. त्यांनी पुन्हा विचारलं तेव्हा इंगळे सिस्टर शेजारी बसल्या होत्या. त्या म्हणाल्या, "लिही ना बे. डाक्टर लोकं लिहितात, त्यायच्या हातानं मानसं तरी मरतात. तुह्या हातानं नुसते भुतं मरतात. तुले काहून लाज?"

सिस्टरपुढे माझं चालत नाही, म्हणून हे धाडस. वाचकांनी सांभाळून घ्यावं.

आधी काम काय ते सांगतो. अकोल्यात जठारपेठेत एका झेरॉक्सच्या दुकानावर आमच्या केबलची कंट्रोल रूम आहे. घरोघरी दिसणारे मोठे चॅनल बाहेरून येतात, पण केबलवाल्याचा स्वतःचाही एक लोकल चॅनल असतो. सकाळी भजनं, संध्याकाळी गावातल्या बातम्या, आणि स्क्रीनच्या तळाला दिवसभर सरकणारी पट्टी. वाढदिवस, निधन, शिकवणी वर्ग, हरवलेली म्हैस, सगळं त्या पट्टीवर. बी.ए.ला असताना मी ती पट्टी टाइप करायला लागलो. बाबा डाळ मिलमध्ये हमाली करतात. त्यांनी मिलमध्ये सांगितलं, पोरगा टीव्हीत लागला. मग त्यांचे सोबती टीव्हीत मला शोधायचे आणि मी दिसायचो नाही. बाबांनी उत्तर तयार ठेवलं होतं, "तो वरते नाही दिसत. तो खाली पट्टीत पळते."

पट्टीनंतर माझ्याकडे आलं 'शनिवारचं भूत'.

एके काळी आमच्या भागातल्या थिएटरांना सिनेमे अमरावतीहून जायचे. तिथं वितरकांची ऑफिसं होती आणि रिळांचे डबे लोखंडी पेट्यांमधून एसटीच्या टपावर चढून गावोगाव फिरायचे. थिएटरं बंद पडली, ऑफिसं उठली. त्यातल्या एका ऑफिसात आयुष्य घालवलेल्या वानखडे काकांकडून आमचे मालक संतोषभाऊ यांनी जुन्या भयपटांचा एक गठ्ठा घेतला. रिळं नव्हती, त्यांच्यावरून कधीतरी भरून ठेवलेल्या व्हिडिओ कॅसेटी होत्या. निर्मात्यांच्या किंवा त्यांच्या मुलांच्या परवानगीच्या सह्या काकांनीच गोळा करून दिल्या. हे सगळे हिंदी सिनेमे, अगदी कमी पैशांतले. एक बंगला, एक धुराचं यंत्र, एक भूत. एवढे स्वस्त सिनेमे भुताचेच का असायचे, हे मला हळूहळू कळलं. शूटिंगला दिवे भाड्याने आणावे लागतात. अंधार फुकट असतो.

शनिवारी रात्री आम्हाला जाहिराती नसायच्याच, म्हणून ती वेळ भुतांना दिली. पहिल्याच शनिवारनंतर एक बाई तक्रार घेऊन जिना चढून वर आल्या. पांढरी सुती साडी, हातात पिशवी. सरकारी दवाखान्यातून निवृत्त झालेल्या इंगळे सिस्टर.

"तुमच्या पिक्चरमधली मेलेली बाई श्वास घेऊन राह्यली," त्या म्हणाल्या. "छाती वरखाली. अशा बाईले आमी वार्डातून हलू देत नव्हतो."

संतोषभाऊंना हसू आवरेना. ते म्हणाले, "सिस्टर, हेच तुमी टीव्हीवर सांगा."

अशा त्या सूत्रधार झाल्या. आमच्या भुतांचा कारभार खरं तर दुपारी चालतो. गुरुवारी दुपारी मागे काळा पडदा लावायचा, आवाज येतो म्हणून कूलर बंद करायचा आणि घामाघूम होऊन थंडगार हवेलीबद्दल बोलायचं. पहिल्या दिवशी कॅमेरा सुरू झाला आणि सिस्टरच्या तोंडून शब्द फुटेना. "हात रिकामे असले की मले बोलता येत नाही," त्या म्हणाल्या. बाबांनी मिलमधून तुरीची डाळ दिली होती, ती माझ्या पिशवीत होती. सिस्टरनं ताट मागितलं, डाळ ओतली आणि खडे निवडता निवडता कॅमेऱ्याकडे बघून म्हणाल्या:

"आज जे हवेली दिसन, तिच्यात तीन मुडदे पडतात. म्या जिंदगीभर मुडदे पाह्यले. मेलेल्या मानसाएवढं गरीब कोनी नाही. तरास देतात ते जिते. तरी पाहा. भेव लागला तर पानी प्या."

तेव्हापासून ताट कायम आहे. लोक घरी डाळ घेऊन टीव्हीपुढे बसतात, असे फोन येऊ लागले. बाळापूरच्या एक आजी दर आठवड्याला सांगतात, "भूत कमी टाका, गाने जास्त." कापसाच्या एका जिनिंगचे रात्रपाळीचे चौकीदार फोन करून विचारायचे की आज भूत कोणत्या बाजूनं येईल, म्हणजे ते त्या बाजूला पाठ करून बसणार नाहीत. एका गृहस्थांना पडद्यावरच्या बंगल्याचा पत्ता हवा होता. मुलीच्या लग्नाला हॉल मिळत नव्हता.

लवकरच शनिवारलाही जाहिराती मिळू लागल्या, आणि माझं मुख्य काम झालं ब्रेक टाकण्याचं. सिनेमा आधी पूर्ण पाहायचा आणि तो कुठे थांबवायचा हे ठरवायचं. सगळीकडे रीत अशी की दार करकरत उघडायला लागलं की ब्रेक. माणूस जागचा हलत नाही, जाहिरात बघतो. मीही तसंच करत होतो. सिस्टरनं पहिल्याच महिन्यात ते बंद करायला लावलं. "बीपीचे पेशंट पाहतात रे. दार उघडून दाखव, भूत दाखव, मंग ब्रेक घे. मानसाले मोरीत तरी जाता आलं पायजे." संतोषभाऊ म्हणाले, लोक उठून जातील. लोक उठले, पण जोडीजोडीने गेले आणि परत आले. आता आमचा तो नियमच आहे.

दुसरी एक गोष्ट या कामात शिकलो, ती पुढे लागणार आहे म्हणून इथेच सांगतो. भूत मेलं की लोक उठतात. शेवटी नायकाचं लग्न असतं, गाणं असतं, पण ते कोणी बघत नाही. थिएटरातही असंच होतं, वानखडे काका सांगायचे. गावाकडची शेवटची एसटी पकडायची असायची. भूत पडलं की खुर्च्या वाजायच्या, आणि ऑपरेटर उरलेलं रीळ लावायच्या भानगडीत पडायचाच नाही.

रविवारी सकाळी आमचा दुसरा कार्यक्रम असतो, 'चूक पकडा'. तो थेट असतो. आदल्या रात्रीच्या सिनेमातली चूक लोकांनी फोन करून सांगायची. भुताच्या मनगटावर घड्याळ, राजाच्या महालात विजेचं बटण, कबरीतून उठलेल्या माणसाच्या पायात रबरी चप्पल. उत्तम चुकीला सिस्टरनं निवडलेली अर्धा किलो डाळ बक्षीस. ही डाळ मिळालेली माणसं ती शिजवत नाहीत, शोकेसमध्ये ठेवतात, असं ऐकून आहे.

यंदाच्या उन्हाळ्यात आम्ही 'सुनसान घाटी का चिराग' लावला. चिखलदऱ्याला चित्रित झालेला एकुलता एक भयपट असावा. अमरावतीच्या एका हौशी व्यापाऱ्यानं काढला आणि पुन्हा कधी सिनेमाच्या वाटेला गेला नाही. त्यातली भूतनी पांढराफटक चेहरा आणि पुढे सोडलेले केस घेऊन दरीच्या काठानं कंदील घेऊन फिरते. शेवटी नायक तोच कंदील तिच्या अंगावर फेकतो आणि ती दरीत पडते. तिथंच आमची कॅसेट संपते. पण मध्ये एक प्रसंग आहे. भूतनी नायिकेकडे हात पसरून येते, सगळं गंभीर आहे, आणि एकदम ती हसते. भयानक हसणं नव्हे. एखाद्या बाईनं हसू दाबायला जावं आणि ते फुटावं, तसं.

रविवारी सगळे फोन त्याच चुकीचे. सिस्टर हसल्या, संतोषभाऊ हसले, मीही हसलो. "भूतच हसून राह्यलं तर लोकं काय भेतीन?" असं सिस्टर म्हणत होत्या तेवढ्यात पुढचा फोन लागला. चिखलदऱ्याच्या पायथ्याशी असलेल्या परतवाड्याचा केबलवाला आमचे हे दोन कार्यक्रम घेतो. हा फोन तिकडच्या एका बाईंचा होता.

"नसीम बोलतो. पिको-फॉलचं दुकान आहे माझं."

"बोल नसीम, तुले कोणती चूक सापडली?"

"चूक नाही सिस्टर. ते जे हसली ना, ते माझी अम्मी आहे."

सिस्टरचा हात ताटात थांबला. इतक्या दिवसांत तो थांबलेला मी पाहिला नव्हता. संतोषभाऊंनी काचेपलीकडून मला खूण केली, कापू का म्हणून. सिस्टरनं न बघताच नको म्हणून मान हलवली.

"दिसाले कशी होती अम्मी?" त्यांनी विचारलं.

"तेच विचाराले फोन केला. मले माहीत नाही. मी लहान असताना गेली. निकाहचा एक फोटू होता, तो पेटीत पानी शिरून खराब झाला. अब्बा म्हणतात, पिक्चरच्या शेवटी तिचं तोंड दाखवलं आहे. काल मी शेवटपर्यंत जागली, तर तुमचा पिक्चर आधीच खतम झाला. शेवट तुमच्याकडे असन तर पाहून सांगा ना, कशी होती."

सिस्टरनं ताट बाजूला सारलं. मग कॅमेऱ्याकडे बघून म्हणाल्या, "सकाळपासून लय हसलो आमी. आता हे चूक कोनी चुकीत धरायची नाही." आणि त्या दिवशी डाळ कोणालाच मिळाली नाही.

त्या दुपारी मी तो सिनेमा एकेक चित्र थांबवून पाहिला. केस, पांढरा रंग, धूर. कुठे चेहरा नाही. फक्त त्या हसण्यात क्षणभर केस बाजूला होतात आणि दात व हनुवटी दिसते. ते चित्र मी नसीमताईंना मोबाईलवर पाठवलं. त्यांचं उत्तर आलं, "हनवटी माझ्यासारखी आहे. बाकी शोधा भाऊ."

बाकी शोधायचं म्हणजे मूळ रीळ शोधायचं. पुढच्या आठवड्यात मी अमरावतीला गेलो. वानखडे काका जुन्या ऑफिसच्या मागच्या खोलीत राहतात. बाहेर ऊस-रसाचं गुऱ्हाळ, आत भिंतीवर उंच रिकाम्या फळ्या. सिनेमाचं नाव ऐकून काका खाली मान घालून हसले.

"गेला तो. सारे डबे भंगारात गेले. रिळातून चांदी काढत, बाकीच्या पट्टीच्या बांगड्या होत. तुह्या आजीनं घातलाही अशीन एखादा खलनायक."

"शेवटचा डबासुद्धा गेला का, काका?"

काकांनी एकेक फळी नजरेनं मोजली. मग म्हणाले, "थांब बरं. तो गेला नसन. कारण तो आलाच नव्हता. ते पेटी परतवाड्याहून वापस आली तवा एक डबा कमी भरला. शेवटचा. तिथंच शूटिंगवाले लोकं होते न सारे, म्हणून नवा पिक्चर त्यायनं सगळ्याच्या आधी मागून घेतला होता. तिकडंच राह्यला. आमी निरोप धाडला, त्यायनं म्हटलं पाठवतो. कोण पाठवते बापा! पिक्चर पडेल होता. तगादा कोण लावन?"

मी कॅसेटीबद्दल विचारलं. तीही नंतर याच अपुऱ्या पेटीवरून भरलेली होती. कोणाच्या लक्षात आलं नाही, कारण भूत मेलेलं होतं.

अमरावतीहून तशीच परतवाड्याची बस धरली. नसीमताई स्टँडवर घ्यायला आल्या होत्या. चाळिशीच्या, उंच, गळ्यात मोजमापाची टेप तशीच. दुकानाच्या मागे घर. तिथं त्यांचे अब्बा खाटेवर बसले होते. ते शिंपी. सिनेमावाल्यांनी त्यांना कपडे शिवायला चिखलदऱ्याला नेलं होतं, तेव्हा बायको आणि लहानगी नसीम सोबत होत्या. भूतनीचं काम करणारी नटी थंडीला कंटाळून मुंबईला पळाली. दिग्दर्शकाला उंच बाई हवी होती.

"मेरे को बोला, मास्टर, तुम्हारी घरवाली को खडा कर दो, मुँह तो दिखाना नहीं है," अब्बा म्हणाले. "मैं बोला, उससे पूछो. वो बोली, करती मैं. डरती कहाँ थी वो!"

मी घाबरतच त्या हसण्याबद्दल विचारलं. आमच्याकडे त्यावर सगळे हसले होते, हे माझ्या मनात होतं.

अब्बांनी नसीमताईंकडे बोट दाखवलं. "इसकी वजह से. मैं इसको कमर पे लेके कॅमेरे के पीछे खडा था. सफेद मुँह, खुले बाल, मेकपवाला खुद डर गया. और ये छोकरी हाथ फैलाके बोली, अम्मी! सबको भूत दिखा, इसको अम्मी दिखी. वो हँस पडी. फिल्म बचाने के वास्ते दुबारा नहीं लिया, वही रख लिया उन्होंने."

नसीमताई हातातल्या साडीचा काठ मुडपत होत्या. त्यांनी मान वर केली नाही. ही गोष्ट त्यांनाही पहिल्यांदाच कळत होती.

"और आखिर में?" मी विचारलं.

"आखिर में कुंड के पास सुबह-सुबह लिया. मुँह धुलवाया. डायरेक्टर बोला, अब तू भूत नहीं, अब तेरे को मुक्ती मिली. वो मैंने आँख से देखा है. मगर पिक्चर में रखा या काट डाला, खुदा जाने. टाकीज में मैं पीछे था. वो दरी में गिरी और पूरी पब्लिक खडी हो गई."

म्हणजे डबा सापडला तरी चेहरा सापडेलच असं नव्हतं. ते नसीमताईंनाही समजलं. त्या उठल्या आणि चपला घालत म्हणाल्या, "चला भाऊ, टाकीज पाहू."

टाकीज त्यांच्या गल्लीच्या तोंडाशीच होतं. आता तिथं बिछायत केंद्र आहे, लग्नाच्या खुर्च्या आणि मंडपाचं सामान. "माझ्या लग्नाच्या खुर्च्या इथूनच नेल्या होत्या," नसीमताई म्हणाल्या. बिछायतवाल्या भाऊंना आम्ही काय शोधतो ते सांगितल्यावर ते म्हणाले, "वरच्या खोलीत कबुतरं आहेत बाप्पा. बाकी काय असन ते तुमचं." जुन्या मशीनच्या खोलीत गाद्या रचल्या होत्या. आम्ही एकेक गादी बाहेर काढली. काहीच नव्हतं. मी निराश होऊन खाली बसलो. नसीमताई मात्र उभ्या राहून एका कोपऱ्याकडे बघत होत्या. शिंप्याची नजर, तिला वाकडं लगेच दिसतं.

"ह्या कूलरचे तीन पाय लोखंडाचे आहेत," त्या म्हणाल्या, "मंग चौथा गोल काहून आहे?"

कूलरचा एक पाय मोडला होता आणि त्याखाली सपाट गोल डबा सरकवला होता. बिछायतवाले भाऊ म्हणाले, त्यांच्या वडिलांच्या वेळेपासून तो तसाच आहे. वजनानं आणि गंजानं झाकण घट्ट बसलं होतं. वर चिकटवलेल्या कागदावर एवढंच वाचता आलं, '...चिराग'.

नसीमताईंनी लगेच उलथनं मागवलं. मी काकांना फोन लावला तर ते फोनमध्येच ओरडले, "उघडू नका! रीळ चिकटलं अशीन तर सालटं निंगन. जानकार मानसाच्याच हातानं उघडू द्या." नसीमताईंनी डबा दोन्ही हातांत धरला होता. आतल्या आत काहीतरी हललं, की मला तसं वाटलं. त्या डब्याकडे बघत म्हणाल्या, "एवढे दिवस घराजवळ होती. आनखी थोडे दिवस राहीन."

डबा मुंबईला गेला. जुनी रिळं दुरुस्त करणारी एक लॅब सिस्टरच्या भाचीनं शोधून काढली. खर्चाचं विचारलं तर सिस्टर म्हणाल्या, "माझ्या पेन्शनीचं का लोणचं घालू?" लॅबला पाठवायचं इंग्रजी पत्र मी लिहिलं. ते मी कितीदा खोडलं याची मला लाज वाटते. शेवटी सिस्टर म्हणाल्या, मराठीत लिही, ज्याले काम करायचं आहे तो वाचून घेईन. मराठीत लिहिलं आणि लॅबमधल्या सावंत नावाच्या माणसाचं उत्तर मराठीतच आलं. डबा उघडायलाच वेळ लागेल, घाई करू नका, असं त्यात होतं.

मधल्या काळात आमच्याकडे फार काही घडलं नाही. पावसाळ्यात केबल तुटल्या, जोडल्या. काही घरांनी कनेक्शन बंद केलं. आता सगळे मोबाईलवर पाहतात, आणि मोबाईलवर प्रत्येकाचं भूत वेगळं असतं, त्यामुळे रविवारी बोलायला कोणी उरत नाही. मला याचं वाईट वाटतं. बाबांनीही आमचा एकही सिनेमा पूर्ण पाहिलेला नाही. मिलमधून आल्यावर त्यांचे डोळे मिटतात. नसीमताई दर रविवारी फोन करायच्या. चूक सांगायच्या नाहीत, डब्याचं विचारायच्या. "आला का निरोप?" सिस्टर म्हणायच्या, "नाही ना बाई." मग बाकीचे लोकही तेच विचारू लागले. बाळापूरच्या आजींनी गाण्याचा हट्ट सोडला आणि विचारलं, "त्या पोरीची माय सापडली का?"

हा लेख मी इथपर्यंत लिहून ठेवला होता. पुढे काय लिहावं ते कळत नव्हतं. संपादकांची मुदत संपत आली होती. परवा दुपारी मी पट्टी टाइप करत असताना सावंतांचा फोन आला.

"सुमेध का? तुमचं रीळ उघडलं. मला आधी एक सांगा, हे कुठे चालवलेलं होतं?"

"परतवाड्याला."

"नाही हो. हे रीळ चाललेलंच नाही. प्रोजेक्टरवर एकदा जरी चढलं तरी कडेला खुणा राहतात. यावर एक ओरखडा नाही. बाहेरचे काही वेढे गेलेत, आत सगळं नवंकोरं आहे."

भूत मेलं की लोक उठतात. लोक उठले म्हणून ऑपरेटरनं तो डबा उघडलाच नाही. उघडला नाही म्हणून तो पेटीत गेला नाही, भंगारात गेला नाही, त्याच्या बांगड्या झाल्या नाहीत.

"त्यात एक बाई आहे का?" मी विचारलं.

"दोन आहेत. एक नवरीच्या वेशात, ती शेवटी नाचते. दुसरी सुरुवातीलाच आहे, कुंडाजवळ. बराच वेळ आहे. सरळ कॅमेऱ्याकडे बघते. फोटो काढलाय मी, तुम्हाला पाठवू का?"

मला बघायचं होतं. इतके महिने मी त्या चेहऱ्याची वाट पाहत होतो. पण मी म्हणालो, "मला नको. एक नंबर सांगतो, त्यावर पाठवा." आणि परतवाड्याचा नंबर दिला.

मग मी फोन समोर ठेवून बसलो. पट्टीवर त्या दिवशी एका वाढदिवसाचं नाव चुकलं. संध्याकाळपर्यंत काही नाही. सिस्टर आल्या, ताट घेऊन बसल्या, पण डाळ निवडली नाही. दिवेलागणीला फोन वाजला. आधी अब्बांचा आवाज आला, अगदी हळू.

"बेटा, मैं समझा था मैं भूल गया उसको. देखा तो सब याद था."

मग नसीमताई फोनवर आल्या. सिस्टरनं फोन माझ्या हातातून घेऊन मध्ये ठेवला, दोघांना ऐकू येईल असा.

"सिस्टर," त्या म्हणाल्या, "मी आईले शोधून राह्यली होती. ते तर पोरगी निंगाली. माझ्या लेकीएवढी, सलमाएवढी आहे हो. बारावीतल्या पोरीएवढी. मले इतके वर्सं वाटे, ते मोठी अशीन, मी लहान. आता मीच तिची माय दिसतो." आणि त्या हसल्या. ते हसू मी आधी ऐकलं नव्हतं, पण पाहिलं होतं.

सिस्टरनं पदरानं डोळे पुसले आणि ताट पुढे ओढलं. "आता रड पुरे. शनिवारी पुरा पिक्चर लावू. सुमेध, ब्रेक कुठी टाकशीन?"

"शेवटी ब्रेकच नाही सिस्टर."

संतोषभाऊ ऐकत होते. त्यांनी मान डोलावली.

सावंत रिळाची कॉपी पाठवणार आहेत. बाबांनी शनिवारी मिलमधून लवकर यायचं कबूल केलं आहे. मी पट्टी तयार करून ठेवली आहे. भूतनी दरीत पडली की ती स्क्रीनच्या तळाला सरकू लागेल, अकोल्यापासून परतवाड्यापर्यंत सगळ्या घरांत. तिच्यावर एवढंच लिहिलं आहे: 'भूत मेल्यावर कोणी उठू नये. शेवटचा डबा राहिला आहे.'